मिरेथच्या नावाचा ओलेम

माझ्या हातचा ओलेम खाल्ला नाही असा माणूस आमच्या केल्हरात शोधून सापडायचा नाही. हे मी फुशारकीने सांगत नाहीये. फुशारकी मारायची माझी लायकी राहिलेली नाही, आणि ती का राहिली नाही तेच सांगायला बसलेय. तेव्हा मध्ये बोलू नका.

ओलेमात असतं काय? दूध, मध आणि लाल कणी, बस. वरच्या कुरणात चरलेल्या थुरीचं दूध दगडी कढईत घालायचं, खाली सुक्या शेवाळाची मंद आच, आणि ढवळता ढवळता ज्याच्या नावाचा ओलेम आहे त्याच्याबद्दल एकेक चांगलं बोलायचं. चांगलं, खरं, आणि आपल्या डोळ्यांनी पाहिलेलं. खरं बोललात की दुधावर घडी पडते. दूध जड होतं, मनगटाला लगेच कळतं. सात घड्या पडल्या की ओलेम आळला, मग वड्या कापा. आणि जे झालंच नाही ते बोललात, मुद्दाम बोला की चुकून बोला, दूध फाटतं. तोंडदेखलं गोड बोलायची सोय नाही. म्हणून तर लग्नात, बाळाच्या नावाला, म्हाताऱ्यांना पंचांच्या ओट्यावर बसवताना ओलेम लावतात. नुसतं गोड खायचं असतं तर मध काय कड्यावर ढिगाने आहे.

अठरा वर्षं गावाची पळी माझ्या हातात होती. एकदासुद्धा दूध फाटलं नाही. लोक म्हणायचे, दोरुनाच्या जिभेवर खोटं बसतच नाही. दुसऱ्यांबद्दल खरं बोलायला काय लागतं हो!

मागच्या उन्हाळ्यात माझा धाकटा भाऊ ताविन गेला. छातीत कफ झाला आणि चार दिवसांत गेला. त्याची बायको मिरेथ ही खालच्या दलदलीतली, पाण्यावर घरं बांधून राहणाऱ्या लोकांतली. वीस वर्षं झाली तिला इथे येऊन, तरी सिल्गासारख्या बायका अजून तिला ‘चिखलातली’ म्हणायच्या. तोंडावर म्हणायच्या, हसत हसत, म्हणजे तिलाही हसावं लागायचं.

आमच्यात बाहेरून आलेल्या बाईचा नवरा गेला की पहिल्या बर्फाच्या आत तिच्या नावाचा ओलेम लावावा लागतो. आळला तर ती इथली, घर तिचं, थुरी तिच्या. नाही आळला तर जिकडून आली तिकडे जायचं. आणि मिरेथचं तिकडे कोणी उरलं नव्हतं. आई-बाप कधीच गेलेले, घर पुरात वाहून गेलेलं. मूलबाळ नाही. पन्नाशीला आलेली बाई, डाव्या हाताची बोटं नीट मिटत नाहीत, ती खाली जाऊन काय करणार होती? कोणाच्या दारात उभी राहणार होती?

ओलेम लावायचा तो नवऱ्याच्या रक्ताच्या माणसाने. म्हणजे मीच. नणंदही मीच आणि पळीही माझ्याच हातात. गावाला वाटलं, वा, मिरेथचं नशीब थोर.

मला मात्र त्या दिवसापासून झोप नाही. कारण मिरेथबद्दलची सगळ्यांत मोठी खरी गोष्ट मला माहीत होती, आणि ती बोलले तर माझं काही उरत नव्हतं.

राखेच्या वर्षी थोर्म डोंगर फुटला, तेव्हा मी बत्तीस वर्षांची होते. ताविन थुरींबरोबर वरच्या कुरणात. घरी मी आणि आई. आईचे गुडघे गेलेले, ती उठूनसुद्धा बसू शकत नव्हती. छतावर पेटती राख पडायला लागली, घरात धूर कोंडला, आई खोकता खोकता एकाएकी गप्प झाली. मी म्हणाले, “आई, मी माणसं घेऊन येते.” आणि पळाले. माणसं आणायला नाही पळाले. वाटेत माणसं होती, मी कोणाला थांबवलं नाही. नुसती पळाले, थेट पांढऱ्या खिंडीपर्यंत.

मिरेथचं लग्न होऊन तेव्हा एकच वर्ष झालेलं. ती खालच्या आळीत राहायची. वाटेत ती मला समोरून भेटली, सगळं गाव खाली पळतंय आणि ही वर निघालेली. तिने विचारलं, “आई कुठेत?” मी हाताने घराकडे दाखवलं. ती गेली.

खिंडीत पोचल्यावर मला भान आलं. मग परत निघाले, एवढं खरं. शंभर पावलं गेले असेन, तर वळणावर मिरेथ आईला पाठीवर घेऊन येत होती. तिथे तिचे पाय गळाले, ती खाली बसली. मी आईला तिच्या पाठीवरून उचलून माझ्या पाठीवर घेतलं आणि ती उरलेली शंभर पावलं चालले. खिंडीतल्या लोकांनी काय पाहिलं? दोरुना आगीतून आईला पाठीवर घेऊन आली. केवढा आरडाओरडा झाला! बायका रडायला लागल्या, बेन्ताकाकांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. मी तोंड उघडून एवढंच म्हणायचं होतं, “मी नाही, मिरेथने.” मला वाटलं, जरा दम खाऊ, मग सांगू.

मिरेथ मागून आली, काळीठिक्कर, हातात बोचकं. सिल्गा म्हणाली, “बघा, सगळे जीव घेऊन पळताहेत आणि ही चिखलातली आपली भांडीकुंडी गोळा करत बसली होती.” मी तेव्हाही काही बोलले नाही. मिरेथने माझ्याकडे पाहिलं. मी आईचे पाय चोळत बसले.

पुढच्या वर्षी जुनी पळीवाली वारली. गाव म्हणालं, ज्या हातांनी आईला वाचवलं त्याच हातांत पळी द्यायची. आणि मी घेतली. घेतली हो! लाज वाटली, पण घेतली.

तर ओलेमाचा दिवस. चौकात सगळं गाव जमलेलं, कढई चढलेली, मिरेथ समोर दगडावर बसलेली, डोक्यावरून शाल. मी मनाशी हिशोब करून आले होते की सात लहान लहान गोष्टी काढायच्या. वीस वर्षांत सात गोष्टी निघणार नाहीत? 

“मिरेथ दूध काढताना थुरीला कधी मारत नाही,” मी म्हणाले. घडी पडली.

“मिरेथ शिळं टाकत नाही.” घडी.

“तिचं अंगण सगळ्यांच्या आधी झाडलेलं असतं.”

मागून कोणीतरी खुसखुसलं. सिल्गा मोठ्याने म्हणाली, “अगं, ओलेम लावतेयस की मोलकरीण ठेवतेयस?” लोक हसले. मिरेथ खाली बघत होती. मीही हसले, मेली. तशाच चिल्लर गोष्टी सांगत सहा घड्या झाल्या. ताविनच्या आजारपणात ती जागली, हे पाचवं की सहावं. आणि सातव्याला माझं डोकं रिकामं झालं. लहान गोष्टी हव्या तेवढ्या असतील, पण तोंडाशी येऊन बसली होती ती एकच, मोठी. दूध ढवळतेय, ढवळतेय, आच चढतेय, लोक वाट बघताहेत.

मग मला वाटलं, अर्धं सांगू. अर्ध्यात तिचंही होईल आणि माझंही राहील.

“राखेच्या वर्षी,” मी म्हणाले, “मी आईला घराबाहेर काढलं, तेव्हा मिरेथने मला मदत केली.”

दूध फाटलं. टर्रकन फाटलं. इकडे पिवळं पाणी, तिकडे चोथा, आणि तो आंबट वास. अठरा वर्षांत चौकात कोणी तो वास घेतला नव्हता.

मला वाटलं, संपलं, आता सगळ्यांना कळलं. आणि खरं सांगते, त्या भीतीतसुद्धा आत कुठेतरी सुटल्यासारखं वाटलं, की चला, एकदाचं बाहेर पडलं.

बेन्ताकाका उठले. आता ऐंशी वर्षांचे आहेत, ओट्यावर त्यांचाच शब्द चालतो. माझ्याजवळ आले आणि माझ्या डोक्यावर हात ठेवला. 

“पोरी,” ते म्हणाले, “मन मोठं आहे तुझं. पण आपला चांगुलपणा दुसऱ्याला वाटून देता येत नाही गं. दूध ऐकत नाही.”

मला आधी कळलंच नाही ते काय म्हणताहेत. मग सिल्गा डोळे पुसत आली. “काय बाई आहेस तू! ती सात गोष्टींची धनीण नाही, म्हणून तू आपल्यातलं काढून द्यायला निघालीस? तिला मदत केली म्हणे! आम्ही काय पाहिलं नाही का, ती बोचकं घेऊन मागून येत होती ते?”

कळलं तुम्हाला? खोटं बोलून दूध फाडलं मी, आणि कौतुक माझंच. दोरुनाने भावजयीला वाचवायला खोटंसुद्धा बोलून पाहिलं. आणि मिरेथच्या वाट्याला काय? वीस वर्षांत सात खऱ्या गोष्टी नाहीत त्या बाईकडे, सहावर आटोपली.

आणि मी? मी काय केलं? गप्प बसले. दुसऱ्यांदा. सिल्गाने गरम सूप आणलं, तेही प्याले. संध्याकाळपर्यंत बायका येत होत्या, माझे हात हातात घेत होत्या, आणि मी घेऊ देत होते. मिरेथ केव्हा उठून गेली ते कोणी पाहिलंही नाही. जमिनीने पोटात घेतलं असतं तर बरं झालं असतं, असं म्हणतात ना, तसं झालं होतं. पण जमीन कशाला घेतेय असल्यांना?

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिच्या घरी गेले. ती बांधाबांध करत होती. दोन पोती आणि ताविनचा लोकरी कोट. 

“या वन्सं,” ती म्हणाली. “बसायला काही ठेवलं नाहीये, उभ्याच राहा.”

मी म्हणाले, “मिरेथ, मी काल…”

“मदत केली,” ती म्हणाली आणि हसली. वीस वर्षांत तिला असं हसताना पाहिलं नव्हतं. “मदत केली म्हणे! अर्धं देऊन भागतंय का बघत होतात ना? दुधालासुद्धा नाही पटलं.”

“मी आज सांगते सगळ्यांना.”

“सांगा. नका सांगू. मला उद्या निघायचंय, घाटात बर्फ पडायच्या आत.” तिने पोत्याचं तोंड दातांत धरून गाठ मारली, कारण डावा हात कामाचा नाही. ते पाहून मी मान फिरवली. “आणि एक सांगू? माझ्यासाठी म्हणून सांगायला जाऊ नका. माझ्यावर उपकार केल्यासारखं सांगाल, आणि लोक पुन्हा तुमचीच आरती करतील.”

“अशी कशी करतील?”

“करतील. तुम्ही बघालच.”

आणि केली की! मी तशीच ओट्यावर गेले. बेन्ताकाका होते, आणखी चार-पाच म्हातारे होते, सिल्गा दूध घालायला आलेली. मी सगळं सांगितलं. मी पळाले, आईला मिरेथने आणलं, मी फक्त शेवटची शंभर पावलं.

बेन्ताकाका ऐकत होते. मग म्हणाले, “दोरुना, बास. दया करायलाही काही मर्यादा असते.”

“काका, मी खरं सांगतेय!”

“कालही सांगत होतीस. दुधाने काय सांगितलं?”

सिल्गा म्हणाली, “भावजय जातेय म्हणून जीव तुटतोय बिचारीचा. स्वतःच्या तोंडाला काळं फासून घ्यायला निघाली. अगं, आईला पाठीवर घेऊन येताना मी स्वतः पाहिलंय तुला!”

मी ओरडले तिच्यावर. काय काय बोलले ते सांगत नाही. तिने तेही मनाला लावून घेतलं नाही, म्हणाली, दुःखात बोलतेय. अठरा वर्षं मी जे नाव कमावलं होतं ते आता माझ्याच गळ्यात अडकलं होतं. खरं बोलणारी बाई एवढी पक्की झाले होते की माझं खरं कोणी मानेना.

“दुसरी कढई लावू द्या,” मी म्हणाले.

त्याच नावाची दुसरी कढई त्याच हाताने लावायची तर एकच अट आहे, आणि ती सगळ्यांना ठाऊक असते. ओलेम आळो नाहीतर फाटो, नंतर पळी मोडायची. त्या हाताने पुन्हा कधी ओलेम लावायचा नाही. पळीवालीने दूध फाडलं याची ती शिक्षा.

“त्या बाईसाठी पळी मोडणार तू?” बेन्ताकाका म्हणाले.

“उद्या दुपारी,” मी म्हणाले.

दुसऱ्या दिवशी चौकात पहिल्यापेक्षा जास्त माणसं. मिरेथ दगडावर बसायला तयार नव्हती. पोती पाठीला बांधून ती गर्दीच्या कडेला उभी होती, घाटाच्या वाटेवर. म्हणाली, “मला इथून दिसतंय.” 

मी कणी टाकली, मध ओतला, पळी धरली. कोणाकडे बघावं कळेना, म्हणून दुधाकडेच बघत बोलले.

“राखेच्या वर्षी माझ्या आईला घरातून मिरेथने काढलं. पाठीवर घेऊन ती खिंडीच्या वळणापर्यंत आली.”

घडी पडली. अशी जाड घडी मी कधी पाहिली नव्हती. समोरच्यांनी पाहिली, मागच्यांना सांगितली, आणि चौकात जी काही कुजबुज सुटली! मी थांबले नाही. थांबले असते तर पुन्हा तोंड उघडलं नसतं.

“मी आईला धुरात टाकून पळत होते, तेव्हा मिरेथ मला समोरून भेटली. तिने मला शिवी दिली नाही. आई कुठेत एवढंच विचारलं.” घडी.

“आमच्या दाराची कडी तापून लाल झाली होती. परत गेले तेव्हा मी त्या कडीला मिरेथच्या तळहाताची कातडी चिकटलेली पाहिली. तिची बोटं त्यात गेली. ती सूत कातताना धागा तुटतो म्हणून तुम्ही हसता. मीही हसलेय.” घडी.

सिल्गा मान खाली घालून उभी होती. मला तिच्याबद्दल वाईट वाटलं नाही, माझ्याकडे तेवढं शिल्लक नव्हतं.

“तिच्या हातातलं बोचकं खिंडीत मी उघडून पाहिलं. त्यात आईचं पांघरूण आणि आईच्या गुडघ्यांचं तेल होतं. तिचं स्वतःचं काही नव्हतं.” चौथी घडी.

“मला गावाने पळी दिली त्या दिवशी मिरेथ चौकात आली होती. ती काहीही बोलू शकली असती. तिने माझ्या हातावर पहिली कणी ठेवली.” पाचवी.

आता पळी ओढायला दोन्ही हात लागत होते. बेन्ताकाका डोळे मिटून बसले होते. 

“आई नऊ वर्षं जगली. तिने मिरेथला उंबऱ्याच्या आत घेतलं नाही. मिरेथ रोज सकाळी आईच्या दारात पाण्याची घागर ठेवायची, आई ती ओतून द्यायची. मी पाहायचे. दुसऱ्या दिवशी पुन्हा घागर असायची.” सहावी घडी पडली.

एकच राहिली. आणि ती मला ठाऊक होती, ती मी सगळ्यांत शेवटी ठेवली होती. मला ती मिरेथची सगळ्यांत मोठी गोष्ट वाटत होती. नऊ वर्षं आईने तिला दारात उभं केलं, ती एक शब्द बोलली असती तर आई तिच्या पाया पडली असती, पण ती मला सांभाळून गप्प राहिली. मी श्वास घेतला. “मिरेथने आईला कधीही…”

“थांबा!”

मिरेथ ओरडली. पोती टाकून ती माणसं ढकलत पुढे आली आणि तिने माझं मनगट धरलं. 

“ते बोलू नका. दूध फाटेल.”

“का? तू आईला सांगितलं नाहीस. तू कधी…”

“बोलू नका म्हणते ना! मी सांगितलं होतं.”

माझ्या हातातली पळी थांबली. ती हळू आवाजात बोलत होती, पण चौकात एवढी शांतता होती की सगळ्यांना ऐकू गेलं.

“आगीनंतर आठ दिवसांनी सांगितलं. हात बघा म्हटलं. त्या म्हणाल्या, माझ्या लेकीने मला पाठीवरून आणलं आणि तू तिच्यावर आळ घेतेस? खोटारडी म्हणाल्या मला. त्या दिवसापासून दार बंद.” तिने माझं मनगट सोडलं. “तुम्हाला काय वाटलं, मी काय देवता आहे? मला बोलायचंच होतं. कोणी ऐकलं नाही.”

काय सांगू तुम्हाला मला काय झालं ते. मी नऊ वर्षं समजत होते की आई चिखलातली सून म्हणून तिला आत घेत नाही. जुन्या वळणाची म्हातारी, मी म्हणायचे, सोडून दे गं मिरेथ. मी तिला म्हणायचे सोडून दे! आईने तिला दाराबाहेर ठेवलं ते माझ्यामुळे, माझं खोटं खरं धरून. आणि आई तसंच धरून मेली, माझा हात हातात घेऊन, माझ्या लेकीसारखी लेक नाही असं म्हणत.

“ढवळ, पोरी,” बेन्ताकाका म्हणाले. “करपेल.”

मी ढवळायला लागले. डोळ्यांतलं पाणी कढईत पडू नये म्हणून तोंड बाजूला केलं. सातवं काय बोलायचं ते आता शोधावं लागलं नाही.

“माझ्या आईने मिरेथला खोटारडी म्हटलं,” मी म्हणाले. “मिरेथ खोटं बोलली नव्हती. तेव्हा काय झालं ते मी डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि ती खरं बोलत होती.”

सातवी घडी पडली आणि पळी दुधात उभी राहिली.

कोणी ओरडलं नाही, कोणी टाळ्या पिटल्या नाहीत. बेन्ताकाका उठले, पळी त्यांनी ओढून काढली आणि दगडावर ठेवून पायाने मोडली. शिंगाची होती, दोनदा पाय मारावा लागला. मग ते मिरेथला म्हणाले, “घर तुझं. थुरी तुझ्या. ओलेम तू वाटायचास.” माझ्या डोक्यावर त्यांनी हात ठेवला नाही. माझ्याकडे पाहिलंही नाही.

मिरेथने वड्या कापल्या आणि वाटल्या. सिल्गाने घेताना काहीतरी पुटपुटलं, मिरेथ म्हणाली, “घे गं, गार होतंय.” पोरांनी दुसऱ्यांदा हात पुढे केले. गोड झाला होता म्हणे. एकेक करून लोक पांगले. दर वेळी माझ्याशी चार शब्द बोलल्याशिवाय न जाणारी माणसं, पण त्या दिवशी मला वळसा घालून गेली. बरोबरच केलं.

कढई खरवडायला मी एकटी राहिले. मिरेथ शेवटच्या दोन वड्या घेऊन आली. एक माझ्या हातावर ठेवली, सगळ्यांना दिली तेवढीच, ना लहान ना मोठी. दुसरी हातात धरून ती माझ्या शेजारी दगडावर बसली.

“वन्सं,” ती म्हणाली, “आई आज जिवंत असत्या, तर तुम्ही हे बोलला असतात?”

कढई रिकामी होती. आच विझली होती. आता फाटायला दूध नव्हतं, आणि चौकात ऐकायलाही कोणी नव्हतं. हो म्हणाले असते तर तिला बरं वाटलं असतं. मलाही वाटलं असतं.

“नाही,” मी म्हणाले.

तिने मान डोलावली आणि आपली वडी तोंडात टाकली.